शर्वरी सातपुतेंचं कोण आहे?

अण्णांनी नातीचं नाव जाहीर केलं ते चहात टोस्ट बुडवून. टोस्ट मऊ होऊन पडायच्या आत बोलून टाकायचं, म्हणजे कुणाला मध्ये तोंड घालायला जागा राहत नाही, असा त्यांचा हिशोब.

"पोरीचं नाव भागीरथी. माझ्या आईचं. ठरलं."

टोस्ट पडला.

विश्वजित स्टुलावर चढून पाळण्याला झेंडूच्या माळा बांधत होता. त्याच्या तोंडात दोऱ्याचं टोक होतं, त्यामुळं स्वतःच्याच मुलीच्या नावाबद्दल त्याला काही बोलता आलं नाही, आणि त्याला त्याचं बरंच वाटलं. शकूअक्का निपाणीहून सकाळच्या एसटीनं येऊन नुकतीच टेकली होती. अण्णांची ही थोरली बहीण. वय एकाहत्तर, गुडघे गेलेले, जीभ शाबूत.

"कुणी ठरवलं रं दत्तू?" तिनं विचारलं.

"मी ठरवलं, अक्का. आईनं हातमाग मोडून पहिले दोन यंत्रमाग घेतले. आज खाली बारा माग खडखडतात. तिचं नाव या घरात नको राहायला?"

स्वयंपाकघरातून सुशीला आली. हातात डाव, डावात घुगऱ्या, कपाळावर आठी.

"काय नाव म्हणालात?"

"भागीरथी."

बावीस वर्षं सासूच्या हाताखाली काढून सुशीलानं हे नाव एकदाही तोंडातून काढलं नव्हतं. समोर असताना 'आई', पाठीमागं 'त्या', आणि फारच झालं की नुसतं वर छताकडे बोट.

"माझ्या नातीला त्यांचं नाव?" ती म्हणाली. "त्यांनी माझी भाकरी खिडकीला धरून तिच्या भोकातनं रस्ता बघितलाय. आणि मला सांगितलंय, 'सुशीला, मिरजेची बस आली बघ, जातीस का माहेरी?'"

"गमतीनं म्हणायची गं ती."

"सलग नऊ महिने गंमत?"

"विश्वा, तू सांग," अण्णा म्हणाले.

विश्वजितनं दोरा तोंडातून काढला. "दोघांचंही बरोबर आहे."

"ह्याला जन्मल्यापासनं एवढं एकच वाक्य येतंय," शकूअक्का म्हणाली. "मीच ह्याच्या कानात नाव सांगितलेलं. तवा चुकून हेच तर न्हाई ना सांगितलो?"

सुशीला पाय आपटत आत गेली. गॅसवर घुगऱ्यांचं पातेलं रटरटत होतं. ती डाव फिरवत होती आणि मनातल्या मनात पुढची वीस वर्षं बघत होती. भागीरथी रांगणार. भागीरथी पिठाचा डबा पालथा करणार. भागीरथी शाळेतून येऊन दप्तर दारात फेकणार. आणि मग आपण म्हणणार...

डाव थांबला.

तिनं दाराकडं पाहिलं. कुणी नव्हतं. मग अगदी हळू, पातेल्यातल्या हरभऱ्यांना सांगावं तसं ती म्हणाली, "भागे, गप बस."

काही झालं नाही. वीज पडली नाही. तिनं आणखी जरा धीर केला.

"भागीरथे, परत ओलं केलंस? तोंड वर करून काय बघतेस? कान उपटीन."

सुशीलाच्या चेहऱ्यावर हळद लागल्यासारखा उजेड पसरला. ती पदर सारखा करत बाहेर आली.

"अहो, मी विचार केला. मला मान्य आहे."

अण्णांच्या हातातून दुसरा टोस्ट पडला.

"आईंचं नाव घरात राहायलाच पाहिजे," सुशीला गंभीरपणे म्हणाली. "रोज घ्यायला पाहिजे. उठता-बसता. मोठ्यानं."

अण्णांचे डोळे भरून आले. शकूअक्का मात्र चहाचा घोट घशात अडकून खोकत सुटली, आणि खोकता खोकता भावजयीकडं बोट दाखवून हसायला लागली. सुशीला भिंतीकडे बघत राहिली.

एवढ्यानं मामला मिटला असता. घरातले दोन्ही मोठे एका बाजूला झाले की सातपुत्यांच्या घरात तिसरी बाजू उरत नाही. पण वरच्या खोलीत जी बाई बाळाला पाजत बसली होती, तिला अजून कुणी विचारलंच नव्हतं.

*

केतकीला सगळं ऐकू आलं होतं. जिन्याच्या तोंडाशीच खोली, आणि अण्णांचा आवाज बारा मागांवरून ऐकू जायची सवय झालेला.

आपली सासू फितूर झाली, हे तिला कळलं. दोन दिवसांपूर्वी सुशीलाच म्हणाली होती, "नावाचं बघू आपण, मी आहे ना." ती 'आहे ना' आता डाव घेऊन पलीकडच्या पक्षात गेली होती.

केतकीला फार काही नको होतं. मुलीला नाव एकच असावं, जन्मभर तेच राहावं, आणि ते आपण निवडलेलं असावं. बस. या मागणीमागं चाळीस दिवसांपूर्वीची एक गोष्ट होती. ती घरात इतक्यांदा सांगून झाली होती, की शेजारच्या हेरवाडेकाकूंनाही पाठ होती.

केतकीचं माहेरचं नाव शर्वरी. चार वर्षांपूर्वी लग्नात तांदळाचं ताट पुढं आलं, विश्वजितनं अंगठीनं त्यात आईनं सांगितलेलं 'केतकी' लिहिलं, आणि शर्वरी तांदळाखाली गेली. कागदावर मात्र ती होती तिथंच राहिली. आधार कार्डावर शर्वरी, बँकेत शर्वरी, आणि बाळंतपणाच्या केस पेपरवरही शर्वरी विश्वजित सातपुते.

मुलगी झाली तेव्हा विश्वजित खाली गाडी लावायला गेला होता. नर्स दारात येऊन ओरडली, "शर्वरी सातपुतेंचं कोण आहे?"

बाहेर बाकावर अण्णा आणि सुशीला बसले होते. कुणी हललं नाही.

"शर्वरी सातपुतेंचं कुणी आहे का?"

सुशीला हळहळली. "अहो, बघा की. बिचारीचं कुणी आलेलं दिसत नाही. आडनाव आपलंच दिसतंय."

"सातपुते काय कमी आहेत इचलकरंजीत?" अण्णा म्हणाले. "असतील कुणी लांबचे."

तिसरी हाक झाली. नर्स आत जाऊन म्हणाली, "तुमच्याबरोबर कुणी आलं नाही का हो?"

बाहेर सुशीलाला राहवलं नाही. तिनं थर्मासमधला चहा झाकणात ओतला आणि नर्सच्या हातात दिला. "त्या शर्वरीला द्या हो. आमच्या केतकीसाठी आणला होता, पण तिला अजून वेळ दिसतोय."

आत केतकीनं चहा तोंडाला लावला. आलं जरा जास्त, साखर त्याहून जास्त. हा चहा आपल्या घरचा, हे तिला पहिल्या घोटात कळलं. म्हणजे माणसं बाहेर आहेत. आणि आपण त्यांच्या कुणी नाही.

नंतर सगळे पोट धरून हसले. तीही हसली. गोष्ट हसण्यासारखीच होती. पण त्या तीन हाका आणि मधली शांतता तिच्या अंगातून गेली नव्हती. ती शांतता या एवढ्याशा जिवाच्या वाट्याला यायला नको, असं तिच्या मनानं घेतलं होतं.

दार ढकलून रोहिणी आली. विश्वजितची थोरली बहीण, कोल्हापुरात शाळेच्या ऑफिसात क्लार्क. हिच्या लग्नात तांदळाचं ताट आलं तेव्हा हिनं "अय्या, खडे आहेत वाटतं" म्हणून हातानं ताटभर तांदूळ चाळले होते आणि लिहिलेलं नाव मोडून टाकलं होतं. तेव्हापासून तिच्या सासरी तिच्या वाटेला कुणी जात नाही.

"ऐकलंस ना?" रोहिणी पलंगावर बसली. "हे बघ, पोरीची सख्खी आत्या मी. कान माझा. कानात जे जाईल ते नाव. अण्णांनी खाली काय टोस्ट बुडवायचा तो बुडवू दे. तू बोल, काय म्हणू?"

केतकीनं बाळाच्या टाळूवरचे केस सारखे केले. "हसणार नाहीस ना?"

"हसेन. पण म्हणेन."

"शर्वरी."

रोहिणी हसली नाही. तिनं कपाळाला हात लावला.

"अगं बाई! कागदावर तू कोण? शर्वरी विश्वजित सातपुते. ही कोण होईल? शर्वरी विश्वजित सातपुते. आमच्या शाळेत घातलीस तर पालक कोण न् विद्यार्थिनी कोण? पहिलीतली पोरगी स्वतःच्या प्रगतिपुस्तकावर स्वतःच पालक म्हणून सही करेल."

आता केतकीलाच हसू आलं. हसता हसता डोळ्यांत पाणी आलं, आणि ते मात्र हसण्याचं नव्हतं.

"मग ताई, मी ते नाव ठेवू कुठं? चार वर्षं नुसतं पडून आहे. कुणी वापरत नाही. वाटलं, निदान हिच्या तरी उपयोगी पडेल."

"पडून राह्यलेल्या नावाचं मला सांगू नकोस," दारातून आवाज आला.

शकूअक्का जिन्याचा कठडा धरून धापा टाकत उभी होती. चौदा पायऱ्या ती गुडघ्यांना शिव्या देत चढली होती, म्हणजे कारण मोठं असणार.

"आत्या, कान माझा आहे," रोहिणीनं आधीच सांगून टाकलं.

"तुझ्या कानाची गोष्ट सांगायलाच आलो मी. सरक जरा." ती पलंगावर बसली. "तुझ्या बारशाला तुझी आई माझ्या मागं लागलेली. 'वन्सं, केतकी म्हणा. आजवर काही मागितलं नाही, तेवढं एक ऐका.' मी व्हय म्हटलो."

"केतकी?" दोघी एकदमच म्हणाल्या.

"ऐक की. मी पाळण्यात वाकणार, तेवढ्यात आईनं माझा दंड धरला. म्हणाली, 'शके, आज सुनेच्या मनातलं नाव कानात गेलं, तर उद्या ती किल्ल्या मागंल. रोहिणी म्हण.' आईपुढं माझं काय चालणार? मी म्हटलो रोहिणी. पाठीवर धपाटे बसले. त्यातला एक तुझ्या आईचा होता. बाकीचे रिवाजाचे, तो एक मनातला. त्याचा वळ पंधरा दिवस होता माझ्या पाठीवर."

रोहिणी आ वासून बघत राहिली. "म्हणजे मी केतकी?"

"होतीस. वीतभर अंतरानं हुकलीस."

केतकीला आपलं लग्न आठवलं. लग्नाच्या मांडवात सुशीला म्हणाली होती, 'शर्वरी म्हणजे रात्र. घरात रात्र कशाला आणायची?' ते ऐकून तिनं मान खाली घातली होती, आणि सासूला आपलं नाव आवडलं नाही, एवढंच चार वर्षं मनात धरून ठेवलं होतं. नाव आवडलं नव्हतं असं नाहीच. सुशीलाकडं एक नाव होतं. एकोणतीस वर्षं घडी न मोडता ठेवलेलं. ते नेसवायला घरात मुलगी मिळाली नव्हती, म्हणून आलेल्या सुनेला नेसवलं.

"मला कधी बोलल्या नाहीत त्या," ती म्हणाली.

"ती कुणाला बोलणार? मला? माझ्या पाठीला बोलली तेवढंच."

बाळानं दूध पिता पिता उचकी दिली. केतकी तिच्याकडं बघत राहिली. मग तिनं मान वर केली. तिच्या तोंडावर जे काही आलं होतं, ते बघून शकूअक्का नकळत पुढं सरकली. घरात कुणी खोडी काढणार असेल तर ती आपल्या वाटणीशिवाय निघू नये, असा तिचा जन्माचा नियम.

"आत्या, आज कान कुणाचा? तुमचा का ताईंचा?"

"माझा," दोघी म्हणाल्या.

"बरं झालं. दोन्ही कान लागतील. इकडं या."

तीन डोकी जवळ आली. खाली अण्णा ओरडत होते, "आवरा गं, बायका जमल्या!" वरून कुणी ओ दिली नाही.

*

अण्णांनी त्या दिवशी बाराही माग बंद ठेवले होते. लाइट गेल्याशिवाय किंवा दसऱ्याशिवाय जे बंद होत नाहीत, ते माग आईचं नाव नीट ऐकू यावं म्हणून थांबले होते. अण्णांकडं याहून मोठा मान नव्हता. नवी टोपी घालून ते भिंतीवरच्या भागीरथीबाईंच्या फोटोखाली उभे राहिले. फोटोतल्या बाई नेहमीसारख्या कुणाच्या तरी भाकरीकडं बघत असल्यासारख्या बघत होत्या.

हॉल बायकांनी भरला. आधी वरवंट्याला झबलं-टोपडं घालून पाळण्याच्या वरून-खालून फिरवला.

"गोविंद घ्या!"

"गोपाळ घ्या!"

"अगं हळू, पायावर पडला तर माझंच बारावं घालाल," हेरवाडेकाकू ओरडल्या. त्यांनी वरवंटा छातीशी धरला आणि टोपडं नीट केलं. "नाकीडोळी अण्णांवर गेलाय हो."

मग बाळ फिरलं. बाळ वरवंट्यापेक्षा जास्त रडलं. केतकीनं त्याला पाळण्यात ठेवलं आणि ती उंबऱ्याजवळ जाऊन बसली. सुशीला पाळण्याच्या डोक्याशी उभी होती, आणि पुढच्या वीस वर्षांच्या बोलण्यांची मनात उजळणी करत होती.

"आत्या कोण? चला, पुढं या!"

एका बाजूनं रोहिणी आली. दुसऱ्या बाजूनं शकूअक्का.

"एकीनं या की गं. दोघी कशाला?"

"कान दोन हाईत न्हवं?" शकूअक्का म्हणाली.

दोघी वाकल्या. एक उजव्या कानाशी, एक डाव्या. "कुर्रर्रर्र!" बायकांनी धपाटे घालायला सुरुवात केली. दोन पाठी मिळाल्यानं सगळ्यांना मनसोक्त हात धुऊन घेता आले. रोहिणी ओरडली, शकूअक्का हसली, बाळ एकदम गप्प झालं.

"काय नाव ठेवलं? सांगा, सांगा!"

अण्णांनी टोपी सरळ केली.

शकूअक्कानं कंबरेवर हात ठेवून पाठ सरळ केली, सगळ्यांकडं बघितलं आणि म्हणाली, "केतकी."

हॉल असा चिडीचूप झाला, की खाली मागाच्या तेलाच्या डब्यावर मांजरानं उडी मारलेली ऐकू आली.

"अक्का," अण्णा म्हणाले, "तुझं डोकं ठिकाणावर आहे का? केतकी सुनेचं नाव आहे."

"होतं," रोहिणी म्हणाली.

"मग सुनेला काय म्हणायचं?"

"शर्वरी," उंबऱ्यावरून उत्तर आलं. आवाज फार मोठा नव्हता, पण माग बंद होते. "नवीन काही नाही अण्णा. कागदावर आधीपासून तेच आहे."

"अय्या!" हेरवाडेकाकूंनी तोंडावर हात ठेवला. "म्हणजे ते पार्सलवाले शर्वरी सातपुतेंना शोधत यायचे, ते... आणि अण्णा, तुम्ही तर दोघांना माझ्यासमोर हाकलून दिलंत! 'पत्ता चुकलाय' म्हणून."

"तिघांना," विश्वजित हळूच म्हणाला. "एकात माझ्या वाढदिवसाचा शर्ट होता."

बायकांमध्ये हसू फुटलं. अण्णांना ते झोंबलं. त्यांनी फोटोकडं हात केला.

"हसा. पण आईच्या नावाचं काय? मी शब्द दिलाय तिला. भागीरथी हे नाव—"

"दत्तू," शकूअक्का म्हणाली. या वेळी तिच्या आवाजात खोडी नव्हती. "आईचं नाव भागीरथी नव्हतंच."

"काहीतरीच."

"ते आपल्या आजीनं ताटात लिहिलेलं. मी नऊ वर्षांची होतो. आईबरोबर तिच्या माहेरच्या जत्रंला गेलो. गर्दीत एक म्हातारी मागनं ओरडली, 'बकुळेऽऽ!' आणि आई अशी गर्रकन वळली... आपल्या घरात तिला भागीरथी म्हणून हाक मारली, तर आधी हातातलं काम संपवायची, मग बघायची. त्या दिवशी हातातली पिशवी टाकून पळत गेली. लिंबं सांडली सगळी. मीच गोळा केलो."

अण्णा फोटोकडं बघत राहिले. पन्नास वर्षं या बाईच्या नावानं त्यांनी माग चालवले, पूजा घातल्या, भांडणं जिंकली. आणि तिला काय म्हणून हाक मारली की ती पळत येते, हे त्यांना आज कळत होतं.

"बकुळा," त्यांनी जिभेवर घेऊन बघितलं. मग एकदम उजेड पडल्यासारखं म्हणाले, "मग पोरीचं नाव बकुळा ठेवू या का?"

"अण्णा!" साऱ्या बायका एकदम ओरडल्या.

या सगळ्यात एक माणूस बोललंच नव्हतं. सुशीला पाळण्याच्या डोक्याशी तशीच उभी होती. शकूअक्काच्या तोंडातून 'केतकी' ऐकल्याबरोबर तिचा हात पाळण्याच्या दांडीवर घट्ट बसला होता. तेहतीस वर्षांपूर्वी ती अशीच दांडी धरून उभी होती. समोर ही वाकलेली पाठ होती, आणि कानावर दुसरंच नाव आलं होतं. आता तीच पाठ, जरा जास्त वाकलेली.

"वन्सं," तिनं विचारलं, "हे तुम्ही आपल्या मनानं केलंत?"

"न्हाई गं. सून सांगंल तेच नाव कानात घातलो. एकदा तरी बघावं म्हटलं, सून किल्ल्या मागती का."

सुशीलानं उंबऱ्याकडं बघितलं.

"तुमचं नाव होतं, आई," शर्वरी म्हणाली. "मी चार वर्षं नीट वापरलं. कुठं डाग पडू दिला नाही. आता घरच्या लेकीसाठी ठेवलं होतं, लेकीला दिलं. आणि माझं मी परत घेतलं. चालेल ना?"

हा प्रश्न विचारताना तिच्या हाताची बोटं एकमेकांत अडकली होती, ते फक्त रोहिणीला दिसलं. सासू 'नाही' म्हणाली असती तर दोघी आत्या गावी गेल्यावर घरात कुणी तिच्या बाजूनं उभं राहिलं नसतं. विश्वजित तर 'दोघींचंही बरोबर आहे' म्हणायला तोंड उघडूनच बसला होता.

सुशीला पाळण्यात वाकली. भागीरथीला बोलायची सारी बोलणी तिच्या तोंडात तयार होती. ती तिनं गिळली. जरा जड गेलं, खोटं कशाला बोला.

"केतकी," ती बाळाला म्हणाली. "अगं ए केतकी. बघ की इकडं. किती वाट बघायला लावलीस, भवाने."

शकूअक्का नाक पुसत म्हणाली, "आता तरी तो धपाटा परत घे, सुशीला."

"तो राहू दे. तो बरोबर बसला होता."

मग गलका झाला. घुगऱ्या वाटल्या, सुंठवडा वाटला, ओटी भरली. अण्णांनी खाली जाऊन माग चालू करून टाकले, कारण वर त्यांना कुणी विचारत नव्हतं. खडखड सुरू झाली तशी बायकांनी आवाज चढवले. सुशीला पाळण्याची दोरी सोडायला तयार नव्हती. दर मिनिटाला ती नाव घेत होती, कधी लाडानं, कधी रागानं, कधी नुसतंच.

आत गॅसवर दूध ठेवलं होतं. त्याची आठवण तिला वास आला तेव्हा झाली. तिनं दोरी न सोडता नेहमीसारखी हाक दिली.

"केतकी, दूध बघ गं! उतू जातंय!"

उंबऱ्यावर बसलेली शर्वरी जागची हलली नाही. तिनं पाळण्याकडं बघितलं.

"आई, ती आत्ता झोपलीय," ती म्हणाली. "आणि चाळीस दिवसांची आहे. ओट्याला हात नाही पुरायचा तिचा."

हेरवाडेकाकूंना घुगरी घशात अडकली. रोहिणीनं भिंतीकडं तोंड केलं. सुशीलाच्या हातातली दोरी थांबली. सून आपल्याला चारचौघांत पहिल्यांदाच बोलली, हे तिला कळायला जरा वेळ लागला. आणि आता काय म्हणून हाक मारायची, हे कळायला आणखी जरा. जे नाव तिनं स्वतः तांदळाखाली घातलं होतं, ते जिभेवर यायला तयार नव्हतं.

आत फसफस सुरू झाली.

"सुशीला, बोल की गं," शकूअक्का म्हणाली. "दूध तुझ्या मानासाठी थांबत न्हाई."

"श..." सुशीला म्हणाली. मग डोळे मिटून, एका दमात, मागांच्या वर आवाज काढून ओरडली, "शर्वरीऽऽ! गॅस!"

"आले, आई!"

ती धावत गेली. तोवर दूध शेगडीवरून ओट्यावर आणि ओट्यावरून फरशीवर उतरलं होतं. तिनं गॅस बंद केला आणि आतूनच विचारलं, "कुठलं फडकं घेऊ?"

"ते निळं घे," सुशीला म्हणाली. आणि मग, खरं तर काही गरज नव्हती तरी, पुन्हा एकदा म्हणाली, "शर्वरी."